परबकाकांची रशियन बाई

आमच्या शेजारचे परबकाका दर रविवारी दुपारी चार वाजता बाईच्या आवाजात बोलतात. बोरीवलीच्या आमच्या सोसायटीला त्याची सवय झाली आहे. मला अजून नाही.

काका एका फिल्म क्लबात प्रोजेक्टर चालवायचे. तिथला एक जुना रशियन मूकपट ते आता पडदे ओढून घरच्या टीव्हीवर लावतात. गोष्ट साधी. नवरा सज्जन, घर भरलेलं, पण बायकोला स्वतःच्या मर्जीने जगायचंय. शेवटी ती बॅग उचलून निघते. मधूनमधून रशियन अक्षरांच्या पाट्या येतात आणि संवाद काका म्हणतात.

"मुक्या माणसांक कोणीतरी आवाज देवक व्हयो," हे त्यांचं ठरलेलं वाक्य.

नवरा मालवणी बोलतो. फरचा कोट घातलेला तो मिशाळ गडी "माका सांग, तुका हय काय कमी आसा गो?" म्हणतो, तेव्हा मी त्यांच्या सोफ्यावरच्या उशीत तोंड खुपसून हसतो.

मग ती बोलते, आणि हसू जिरतं. आवाज बारीक, स्वच्छ, वाक्याच्या मध्येच श्वास घेणारा. काकांचे ओठ जेमतेम हलतात.

एकदा आई घावणे द्यायला आली आणि दारातच थबकली. मग बसली, पण दोनदा वळून रिकाम्या स्वयंपाकघराकडे पाहिलं. घरी आल्यावर म्हणाली, "हा सुनंदाचा आवाज आहे रे. खोकलासुद्धा तिचाच."

सुनंदा म्हणजे काकू. मी पाचवीत असताना एका सकाळी घर सोडून गेल्या. भांडण नाही, तंटा नाही. पुन्हा कुणाला दिसल्या नाहीत.

गेल्या रविवारी मी शेवटच्या पाटीचा मोबाइलवर फोटो काढला आणि भाषांतर पाहिलं. 'मी जाते. परत येणार नाही.' काका मात्र तिथे नेहमी त्या बारीक आवाजात "येते हं" एवढंच म्हणतात.

"काका, हे चुकतंय तुमचं," मी म्हणालो.

"ठावक आसा माका." त्यांनी टीव्ही बंद केला. आवाज आता त्यांचा स्वतःचा होता, घोगरा. "सुनंदा पण तसाच बोलली. जाते. उंबऱ्यात उभ्या रवान असा बोलू नये माणसान."

मी मोबाइल खिशात ठेवला.

"म्हणान मी आपलो सुधारून घेतंय," काका म्हणाले.