वाकचौरे काकांचं पूर्ण नाव

आमच्या सोसायटीत कोणी नवीन राहायला आलं की टेम्पोतून फ्रिज उतरायच्या आत वाकचौरे काका खाली हजर असतात. मदतीला नाही, नाव विचारायला. समोरचा बिचारा घाम पुसत नुसतं 'राहुल' म्हणाला की काका मान हलवतात. "हे अर्धं झालं. पूर्ण सांगा."

मी राहायला आले तेव्हा माझ्या हातात मिक्सर होता आणि डोकं आधीच तापलेलं होतं. आडनाव विचारणं म्हणजे काय असतं, हे आम्हाला कोणी शिकवायला नको. त्याआधी मी आणि माझा धाकटा भाऊ मिलिंद भाड्याचं घर शोधत फिरत होतो, तेव्हा 'पगारे' म्हटल्याबरोबर रिकामा फ्लॅट मालकाच्या भाच्यासाठी राखून ठेवलेला निघायचा. नाशिक रोडवर एवढे भाचे असतील असं मला वाटलं नव्हतं. शेवटी स्वतःचंच घर घेतलं, आणि तिथेही हा म्हातारा दारातच उभा.

"सुजाता पगारे," मी म्हणाले आणि पुढचं भांडण तोंडात तयार ठेवलं.

काकांनी डोळे मिटले. "सुजाता. चांगल्या कुळात जन्मलेली. कोणी ठेवलं?"

"बाबांनी."

"मुद्दाम ठेवलं असणार. छाती लागते असं नाव ठेवायला."

मी मिक्सर खाली ठेवला. बाबांनी ते मुद्दामच ठेवलं होतं. ज्यांनी त्यांना जन्मभर कुळावरून हिणवलं, त्यांनाच आपल्या लेकीला या नावानं हाक मारावी लागावी म्हणून. हे मी घराबाहेर कोणाला सांगितलं नव्हतं, आणि हा गृहस्थ डोळे मिटून तिथवर पोचला होता. माझं तयार भांडण वाया गेलं.

"आणि पगारे?" काकांनी पुन्हा डोळे मिटले, मग उघडले. "हे बघावं लागेल."

ते अजून बघतायत. दर रविवारी माझ्याकडे चहाला येतात आणि पगारेंचा नवा उगम सांगतात. एकदा त्यांना कोणीतरी पगारा नावाचं गाव असल्याचं सांगितलं, तर हे एसटीनं हिंडून आले. गाव सापडलं नाही, ऊन मात्र लागलं. मी म्हटलं, "काका, सोडा आता." तर म्हणाले, "सोडा कसं? उद्या घरात पोर आलं आणि विचारलं तर काय सांगाल? मुळाशी चला."

'मुळाशी चला' हे त्यांचं रोजचं वाक्य. काका रेल्वेत तिकीट तपासनीस होते. जन्मभर हातात आरक्षणाचा तक्ता, त्यावर नावंच नावं. त्यांच्या डब्यात तिकीट दाखवून सुटका नसायची. पोतदार भेटला की "म्हणजे तुमच्या पूर्वजांनी खजिन्यातली नाणी पारखली," आणि हिंगमिरे भेटला की त्याच्या खापरपणजोबांचं अख्खं दुकान मांडायचे. एकदा म्हणे एका विनातिकीट माणसाचं आडनाव इतकं दुर्मीळ निघालं, की काका बोलत राहिले आणि मनमाड आलं. तो माणूस उतरून गेला. "दंड राहिला," काका सांगतात, "पण माहिती चांगली मिळाली."

लग्नाची पत्रिका आली की तारीख ते बघतच नाहीत. खालची आप्तेष्टांची नावं वाचतात. लग्नात गेले तर वधूच्या आजीशेजारी बसून तिचं माहेरचं नाव काय, सासरी बदललं का, बदललेलं आवडलं का, असं विचारत बसतात. अशा कितीतरी पंगती त्यांच्या उठून गेल्या.

आणि एक गोष्ट मात्र ते कधी विचारत नाहीत. आमच्याच सोसायटीतल्या एका गृहस्थांनी नव्या भाडेकरूंबद्दल त्यांना हळूच विचारलं होतं, "पण म्हणजे ते नेमके कोण हो?" काका म्हणाले, "आडनावाचा अर्थ विचारा, सांगतो. तो दुसरा डबा माझ्याकडे नाही." मी जिन्यात होते. त्या रविवारी मी चहाबरोबर भजी केली.

पार्सल घेऊन येणारा एक तरुण आहे, गाढवे आडनावाचा. पहिल्यांदा नाव सांगताना बिचारा जमिनीकडे बघत होता. काकांनी त्याला खुर्चीत बसवलं. "अरे, त्या काळी ज्याच्याकडे गाढवं, त्याच्याकडे वाहतूक. मीठ, धान्य, कापड, सगळं त्यांच्या पाठीवर. आज आपल्या द्वारका चौकात ट्रक लावून बसलेत ना, तसा तुझा पूर्वज ट्रान्सपोर्टवाला होता. आणि तू आज काय करतोस? तेच." हे खरं की काकांनी तिथल्या तिथे रचलं, मला ठाऊक नाही. पण आता तो गेटवरूनच ओरडतो, "काका, गाढवे आलाय."

तिसऱ्या मजल्यावरच्या जोडप्यानं मुलाचं नाव रियांश ठेवलं, तेव्हा जरा ताणाताणी झाली. काकांनी अर्थ विचारला. बाळाचा बाप फोनमध्ये बघून म्हणाला, "सूर्याच्या पहिल्या किरणाचा अंश."

"कोणत्या भाषेत?"

बाप फोनमध्ये पुन्हा बघायला लागला. मी काकांना डोळ्यांनी खुणावत होते, पण ते मुळाशी निघाले होते. तेवढ्यात बाळाच्या आईनं सांगितलं, "काका, मी ठेवलंय."

"आईनं ठेवलंय का?" काका एकदम नरमले. "मग झालं. मग अर्थ आहे."

आता एवढ्या सगळ्यांच्या नावांची सालं काढणाऱ्या या माणसाच्या स्वतःच्या दारावर पाटी काय, तर 'डी. बी. वाकचौरे'. पूर्ण नाव नाहीच. मी त्यांना कितीदा छेडलं असेल. दत्तात्रय? दिनकर? दामोदर? ते चहात बिस्किट बुडवत म्हणायचे, "डी म्हणजे डी." वाकचौरे काकू असत्या तर त्यांना विचारलं असतं, पण त्या मी येण्याआधीच गेल्या. मुलगा बंगळुरूला आहे, तो 'बाबा' म्हणतो. ऑफिसातले जुने मित्र 'डीबी साहेब' म्हणतात. मी नाद सोडला.

मिलिंद आणि त्याची बायको शीतल माझ्याकडेच राहतात. मागच्या वर्षी शीतलला दिवस गेले. आधीचं सांगते म्हणजे पुढचं कळेल. तिच्या पहिल्या खेपेला आम्ही नाव आधीच ठरवलं होतं. आत्या मी, म्हणजे मानही माझाच. पोटावर हात ठेवून त्या नावानं आम्ही हाका मारायचो. ते बाळ राहिलं नाही. त्यानंतर कितीतरी दिवस ते नाव कुठे कानावर पडलं की शीतल उठून आत जायची.

या वेळी मुलगी झाली, पण दिवस भरायच्या आधीच. ओंजळीत मावेल एवढी. दवाखान्यात काचेच्या पेटीत ठेवली होती, नळ्या लावून. डॉक्टर म्हणायचे, बघू. शीतल त्या खोलीबाहेरच्या बाकावर बसून असायची. मला म्हणाली, "ताई, या वेळी नाव नाही. ती घरी येईपर्यंत नाही. तुम्ही मनातसुद्धा ठरवू नका."

आमच्या घरात नजर-बिजर कोणी मानत नाही. बाबांनी ते सगळं घरातून काढून टाकलं होतं. पण भीती कुठे विचारून येते? तिला आत पेटीजवळ जायला सांगायचे, बाळाशी बोला, तिला आवाज कळतो, असं नर्स म्हणायची. शीतल आत जाऊन उभी राहायची आणि तशीच बाहेर यायची. हाक मारायची तर कशानं मारायची, म्हणायची.

आणि इकडे जिन्यात काका रोज विचारत, "नाव काय ठरलं?" एका सकाळी माझा तोल गेला. "काका, त्या पोरीचा जीव राहतो की नाही कळत नाही, आणि तुम्हाला नावाची पडलीय," असं म्हणून मी सगळंच सांगून टाकलं, पहिल्या बाळाचंही. काकांनी आत जाऊन दार लावून घेतलं.

दुपारी दवाखान्यात पोचले तर काका बाकावर शीतलच्या शेजारी. इस्त्रीचा सदरा, हातात निफाडच्या द्राक्षांची पिशवी. मला वाटलं, आता हे तिला नावांचे अर्थ सांगणार. मी पुढे होणार तेवढ्यात ते म्हणाले, "सूनबाई, माझं नाव दगडू."

शीतल बघत राहिली. मीही.

"माझ्या आधीची दोन गेली. त्यांची नावं चांगली होती. माझ्या वेळी आई म्हणाली, 'ह्यो दगड हाय माझा. याला कोन नेतंय?' शाळेत पोरं फार हसायची. नोकरीला लागलो तेव्हा डी. बी. करून टाकलं. जगाला नावाचा अभिमान सांगत फिरलो, आणि आईनं ठेवलेलं नाव दोन अक्षरांत दडपलं. लाज वाटायची, दुसरं काय."

त्यांनी हातातली पिशवी सावरली. "मी नजर मानत नाही. आई तरी किती मानायची कोण जाणे. पण पोराला हाक मारायला काहीतरी लागतं हो. चांगलं नाव सवडीनं ठेवा. तोवर माझं घ्या. वापरलेलं आहे, टिकतं."

शीतल हसली. कितीतरी दिवसांनी हसली आणि हसता हसता रडायला लागली. मग डोळे पुसून आत गेली. दार अर्धं उघडं होतं, म्हणून आम्हाला ऐकू आलं. आधी नुसतीच कुजबुज, मग स्पष्ट, "दगडू. ए दगडू. मी आलेय." काका बाकावर ताठ बसून समोरच्या भिंतीकडे बघत होते. त्यांच्या हातातली द्राक्षं मी काढून घेतली, नाहीतर चिरडली असती.

दगडूनं नावाची शान राखली. हळूहळू नळ्या निघाल्या, वजन वाढलं. नर्सही म्हणायला लागल्या, "आज दगडूनं सगळं दूध संपवलं." घरी आली तेव्हा आम्ही बुद्धवंदना घेऊन नामकरण केलं, आणि मी तिच्या कानात संघमित्रा हे नाव सांगितलं. काका खूश. नावाचा अर्थ, इतिहास, सगळं पाहुण्यांना ऐकवलं. पंगत पुन्हा उठून गेली.

पण घरात संघमित्रा कोण म्हणतंय? सगळ्यांच्या तोंडात दगडूच बसलंय. काका आता रविवारची वाट बघत नाहीत, रोज संध्याकाळी येऊन दाराजवळच्या खुर्चीत बसतात. परवा शीतलनं आतून हाक मारली, "दगडू, उठलीस का गं?" पाळण्यात हालचाल नाही. खुर्चीतल्या काकांनी मात्र चटकन मान वर केली. मी बघितलं, हे त्यांनाही कळलं.

"बायको अहो म्हणायची," ते ओशाळून म्हणाले. "आई गेल्यावर या नावानं कोणी हाक मारलीच नव्हती." मग चहाचा कप उगाच फिरवत राहिले. "सुजाताबाई, पोर मोठी झाली, शाळेत जायला लागली, की तुम्ही ही हाक बंद कराल ना?"

"तिला विचारू," मी म्हटलं. "तिनं नको म्हटलं तर तिला संघमित्रा म्हणू. दगडू म्हणायला तुम्ही आहात की."

आत बाळ जागं झालं होतं. मी कप उचलला आणि म्हटलं, "दगडूकाका, अजून अर्धा देऊ?"

"द्या," काका म्हणाले. मग घसा साफ करून, "आणि ते पगारेचं बघतोय मी. मुळाशी पोचल्याशिवाय काही जात नाही इथून."