आत्या अवुम्बुक प्यायली

रोझिना आत्या डोंगर उतरून ट्रककडे निघाली. तिच्या डोक्यावरची टोपली वळणाआड व्हायच्या आतच इग्नास दारात पाय पसरून बसला.

"अवुम्बुक आलं," तो म्हणाला.

"अरे, आत्या अजून ओढ्यापर्यंतही पोचली नसेल," त्याची बायको थेक्ला म्हणाली.

"पाहुणा निघताना अंगावरचं जडपण इथंच टाकून जातो, म्हणून तर त्याला वाट हलकी जाते. बघितलंस ना कशी टणाटण उतरली? म्हणजे सगळं इथंच टाकलंय. ते काय हवेत राहील? माझ्या खांद्यांवर बसलं."

थेक्लाने कडेवरच्या लिनुसला दुसऱ्या कडेवर घेतलं. अवुम्बुक खोटं आहे असं तिचं मुळीच म्हणणं नव्हतं. पाहुणे गेल्यावर घर कसं होतं ते तिला ठाऊक होतं. भिंती मागे सरकल्यासारख्या वाटतात, आपलाच आवाज घुमतो, सोलायला घेतलेला कंद हातात तसाच राहतो. या डोंगरातल्या बैनिंग लोकांच्या कुठल्याही घरात हे सावट धुक्यासारखं दोनतीन दिवस बसून असतं. तिचं म्हणणं एवढंच, की शब्द जरा बेताने वापरावा. लस टोचायला आलेली नर्स घटकाभर टेकून गेली तरी इग्नासला अवुम्बुक. डुक्कर बघायला आलेला माणूस डुक्कर न घेताच गेला, तरी अवुम्बुक. मागे शेजाऱ्यांची कोंबडी चुकून यांच्याकडे राहिली आणि परत गेली, तेव्हाही हा दुपारभर आडवा होता.

आणि घरामागे झाडाच्या सावलीत अळूचे कोंब पडले होते. जुन्या मळ्यातले कंद काढून, शेंडे कापून, थेक्लाने स्वतः रचून ठेवलेले. नव्या उतारावरचं रान तोडून झालं होतं, जाळून झालं होतं, राख गार होऊन गेली होती. पण पाहुणा घरात असताना त्याला एकटं टाकून मळ्यात जायचं नाही आणि पाहुणा गेल्यावर जडपण उतरेपर्यंत जायचं नाही, अशी रीत. आत्या राहिली चांगली ऐसपैस. रोज पाणी शिंपडूनही कोंबांच्या कडा तपकिरी व्हायला लागल्या होत्या. ते वाळले तर पुढच्या हंगामात या घरात निखाऱ्यावर भाजायला काही नव्हतं. लिनुसला तेव्हा दातही आलेले असणार आणि भूकही.

उपाय रीतीतच होता. संध्याकाळी वाडगं पाण्याने भरून ठेवायचं. रात्रभर ते घरातलं जड शोषून घेतं. उजाडता उजाडता सगळ्यांनी उठून ते पाणी झाडांकडे भिरकावलं की झालं, माणसं कामाला मोकळी.

"काठोकाठ भर गं," सासूबाई आतून म्हणाल्या. त्यांचं नाव अगाथा. "रोझिना अंगानं थोर आहे."

थेक्लाने भरलं.

"आणि तिच्या कानावर जाऊ देऊ नकोस हो कधी. ती स्वतःला पाहुणी समजत नाही. या घरात जन्मलेली ती. घरच्या माणसासाठी कुणी वाडगं ठेवतं का? कळलं तर उठून जाईल, ती पुन्हा या डोंगराचं तोंड बघायची नाही."

"कोण सांगणार आहे, आई?"

सांगायची वेळच आली नाही. त्या रात्री लिनुसच्या हिरड्या ठणकत होत्या. त्याला खांद्यावर टाकून थेक्ला येरझाऱ्या घालत राहिली. पहाटे तो निजला, तशी तीही निजली, आणि ती निजली म्हणून तिच्या हाकेवर उठणारं सगळं घर निजलं. तिला जाग आली ती घटाघट आवाजाने. दारात रोझिना आत्या उभी होती. गुडघ्यापर्यंत चिखल, पायाशी टोपली, आणि दोन्ही हातांत धरून तोंडाला लावलेलं वाडगं. शेवटचा घोट घशाखाली उतरताना थेक्लाला स्पष्ट दिसला.

"नदी फुगलीय," आत्या तोंड पुसत म्हणाली. "वर डोंगरात कोसळलाय पाऊस. ट्रक तिथंच काठावर उभा. रात्रभर त्यात बसून पाठीचं लाकूड झालं, म्हटलं चला आपल्या घरी. काय गं पाणी तुमच्याकडचं! जरा जड आहे, पण गोड."

थेक्लाच्या मागे सासूबाई येऊन उभ्या राहिल्या, त्यांच्यामागे इग्नास. आत्याने एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं. मग वाडग्याकडे. मग वाडगं जिथून उचललं त्या जागेकडे.

"वहिनी," ती सावकाश म्हणाली, "हे दारात कशाला होतं? कोण पाहुणं येऊन गेलं?"

समोरच्या वाटेने अलोइस कुदळकाठी खांद्यावर टाकून मळ्याकडे चालला होता. रविवारी चर्चमध्ये प्रार्थना सांगणारा, विधुर, दिवसाकाठी चार वाक्यं बोलणारा.

"अलोइसकाका!" इग्नास म्हणाला.

"काय अलोइसकाका?"

"पाहुणे. म्हणजे परवा रात्री इथंच होते. तू ट्रकला निघालीस त्याच्या जरा आधी गेले."

"मी इथंच झोपले होते की परवा!"

"तू घोरत होतीस आत्या. तुझी झोप म्हणजे..."

"त्याचं घर तर त्या केळींच्या पलीकडे. दोन ढांगांवर राहणारा माणूस पाहुणा कसा?"

"छप्पर उतरवलंय ना त्यांनी. नवीन गवत घालायला. उघड्यावर कसे झोपतील?"

आत्या मटकन खाली बसली. "म्हणजे मी अलोइसचं अवुम्बुक प्यायले!"

"थोडंसंच असेल," सासूबाई म्हणाल्या.

"थोडं कसलं, तळ दिसला की गं वाडग्याचा! तरीच. घशाखाली जाताना वाटलंच मला, काहीतरी पुरुषमाणसाचं आहे." तिने छातीवर हात ठेवला. "दुपारी जाऊन बघूनच येते त्याचं छप्पर."

इग्नासला एवढ्या वेगाने धावताना थेक्लाने लग्नानंतर पाहिलं नव्हतं. खांद्यांवर काही असल्याची खूणही नव्हती. अर्ध्या सकाळीत त्याने अलोइसच्या छपराची अख्खी एक बाजू उघडी केली, गवताच्या पेंढ्या खाली नीट रचून ठेवल्या. महिनाभरात त्याने केलेलं एवढं एकच काम, आणि ते मोडतोडीचं.

इकडे आत्या चटईवर आडवी झाली होती. "जेवला असेल का तो?" ती म्हणाली.

"कोण?" थेक्लाने विचारलं.

"तुला काय त्याचं! प्यायले मी आहे." थोड्या वेळाने पुन्हा, "एकटाच राहतो बिचारा. चुलीशी बोलत असेल."

जडावलेल्या माणसाला सोडून उठायचं नसतं. सासूबाई उशाशी बसल्या. थेक्ला पायाशी बसली, लिनुसला पाजत. घरामागून कोंबांचा वास यायला लागला होता, तो तिला एकटीलाच येत होता.

दुपारी अलोइस परतला आणि आपल्या घराकडे बघत बराच वेळ उभा राहिला. इग्नासने त्याला केळीआड गाठलं. थेक्लाही लिनुसला घेऊन मागे गेली, कारण इग्नासला एकट्याला बोलू देण्यात काय धोका असतो ते तिने सकाळीच पाहिलं होतं.

"माझं छप्पर काढलंस?" अलोइस म्हणाला.

"अर्धंच."

"का?"

थेक्लाने सगळं सांगितलं. अलोइसने ऐकून घेतलं.

"मी खोटं बोलणार नाही. रविवारी मी लोकांना खोटं बोलू नका म्हणून सांगतो."

"आज मंगळवार आहे काका," इग्नास म्हणाला.

अलोइस थेक्लाकडे वळला. "विचारलं तर खरं ते सांगेन. नाही विचारलं तर गप्प बसेन. गप्प बसायला मला जमतं. पण आज झोपू कुठं, ते सांगा."

अशा रीतीने सकाळी बोललेलं खोटं संध्याकाळपर्यंत खरं झालं. अलोइस आपली चटई काखेत मारून पाहुणा म्हणून आला. आत्या उठून बसली, केस सारखे केले, आणि निखाऱ्यातला सगळ्यात मोठा कंद काढून, त्याची जळकी साल शिंपल्याने खरवडून त्याच्यापुढे ठेवला. तो मुकाट्याने जेवला. हात धुवायला घरामागे गेला, तो बराच वेळ आलाच नाही. आला तेव्हा त्याचा चेहरा पडला होता.

"तिथं कोंब मरतायत," तो म्हणाला. त्याचं त्या दिवसाचं ते शेवटचं वाक्य.

सकाळी त्याची चटई रिकामी होती. कुदळकाठी नव्हती आणि कोंबांची एक मोळीही नव्हती. नव्या उतारावर त्याची पाठ वरखाली होताना दिसत होती.

"गेला?" आत्या ताडकन उठली. "मला न सांगता? वहिनी, माझ्यानं नाही बसवत इथं. आतून ओढतंय ते. त्याचंच आहे ना, जाणारच ते त्याच्या मागं!"

ती निघाली. जडावलेल्या बाईला एकटं कसं सोडायचं, म्हणून सासूबाई निघाल्या. सगळे निघाले म्हणून सुपारीची पिशवी घेऊन इग्नास निघाला. थेक्लाने लिनुसला झोळीत घातलं, उरलेल्या मोळ्या होत्या तेवढ्या सगळ्यांच्या डोक्यावर दिल्या, आणि रीतीला कुठेही धक्का न लावता अख्खं घर मळ्यात पोचलं.

अलोइस काठी रोवायचा, फिरवायचा, भोक पाडून पुढे सरकायचा. ना घाई, ना थांबणं. आत्या त्याच्या मागोमाग त्या भोकांत कोंब लावत निघाली. एका हाताने छाती धरलेली, दुसऱ्या हाताने कोंब. थोड्या वेळाने छातीवरचा हातही कामाला लागला. थेक्ला वरच्या अंगाने लावत होती. पाठीवर लिनुस निजला होता, त्याचा श्वास तिच्या मानेला लागत होता. कोंब ओल्या काळ्या मातीत बसताना बारीक आवाज करत होते. दोन्ही आवाज तिला एकाच जातीचे वाटले. निम्मा उतार झाला.

ओळ संपवून अलोइस तिच्यापाशी आला.

"तू आता तिला सांग," तो हळू आवाजात म्हणाला. "ती मला सारखं विचारते, तुमचं जड माझ्यात आहे, तुम्ही ते परत कसं घेणार? उत्तर काय देऊ? तू नाही सांगितलंस, तर पुढच्या ओळीला मी सांगतो."

थेक्लाने न लावलेल्या उताराकडे पाहिलं. कळलं की आत्या रुसणार. नदी असो नसो, तडक खाली उतरणार. तिची समजूत काढायला सासूबाई मागे धावणार, त्यांच्या सोबतीला इग्नास जाणार. आणि राहिलेला निम्मा उतार? पण अलोइस सांगणार म्हणजे सांगणारच. त्याच्या तोंडून कळण्यापेक्षा आपल्या तोंडून बरं, असं तिने ठरवलं, आणि मोळी कवटाळून आत्याजवळ जाऊन उकिडवी बसली.

"आत्या, ते वाडगं अलोइसकाकांचं नव्हतं. ते तर तेव्हा आमच्याकडे आलेच नव्हते. तुमच्यासाठी ठेवलं होतं. तुम्ही गेलात म्हणून."

आत्याचा हात थांबला. "माझ्यासाठी? या घरात?"

"घर फार रिकामं झालं होतं आत्या. काठोकाठ भरलं होतं मी." यात तिने काहीच वाढवून सांगितलं नव्हतं.

"म्हणजे मी प्यायले ते माझंच."

"हो."

"त्याचं त्यात काहीच नव्हतं? थेंबभरसुद्धा?"

"नव्हतं."

थेक्ला राहिलेल्या कोंबांकडे बघत बसली, आत्या आता उठेल, टोपली मागेल म्हणून. आत्या खाली बघत होती. खाली अलोइस काठी रोवत होता, फिरवत होता, पुढे सरकत होता. आत्याने छातीवर हात ठेवला, दाबून पाहिलं, पुन्हा दाबून पाहिलं. जे होतं ते तिथेच होतं. तिचे कान हळूहळू लाल होत गेले.

"सांगितलंस का गं?" खालून अलोइसने विचारलं.

थेक्ला तोंड उघडणार, तोच आत्याने तिच्या दंडाला असा चिमटा काढला की पाठीवरचा लिनुस दचकून जागा झाला.

"नाही अजून!" थेक्ला ओरडली. "ही ओळ झाली की सांगते!"

आत्याने मान डोलावली, आणि नुकताच लावलेला एक कोंब हळूच उपटला.

"वाकडा लागलाय," ती म्हणाली. "पुन्हा लावायला हवा."