दोन पिवळ्या गोलकीपर

बॅगेतून सोळा निळ्या जर्सी निघाल्या, सतरा चड्ड्या निघाल्या, मोज्यांचे गोळे निघाले. नारिंगी जर्सी काही निघेना. मामींनी बॅग उलटी करून झटकली. त्यातून एक वाळकं लिंबू तेवढं पडलं.

"मामी, माझी जर्सी?" शिडीनं विचारलं. शिडी म्हणजे मामींची भाची आणि संघाची गोलकीपर. दाराच्या चौकटीला तिचं कपाळ लागायचं, म्हणून हे नाव.

"आहे गं, असणारच. ही बघ, वहीत खूण आहे."

खूण होती, खोटं नाही. नऊ वर्षं मामी संघाचे कपडे धूत होत्या आणि कपडा दोरीवर पडला की वहीत खूण करत होत्या. दोरीवरचं सगळं बॅगेत जायचंच, मग भरताना पुन्हा कशाला मोजायचं? पण गोलकीपरच्या जर्सीच्या कोपरांना स्पंज असतो. तो वाळेना, म्हणून काल मामींनी ती एकटीच उचलून गच्चीच्या दुसऱ्या टोकाला, उन्हात टाकली होती. खूण वहीतून इथवर आली आणि जर्सी बसनं सहा तासांवर ऊन खात राहिली.

दिवसही कोणता! महिलांच्या राष्ट्रीय लीगच्या दुसऱ्या श्रेणीतला शेवटचा सामना. नुसती बरोबरी झाली तरी संघ पहिल्या श्रेणीत जाणार होता. यजमान जिंकले तर ते जाणार होते. पहिल्या वर्षी या पोरींचा खेळ बघायला एक म्हातारा आणि त्याची सायकल एवढंच पब्लिक असायचं, आणि सायकलच जास्त वेळ थांबायची. म्हातारा चहाला जायचा. तिथून इथवर आलेल्या पोरी आता एका जर्सीपायी घरी जाणार?

सामन्याचे निरीक्षक नियमांचं पुस्तक छातीशी धरून दारात उभे होते. "गोलकीपरचा रंग दोन्ही संघांहून आणि पंचांहून वेगळा हवा. वेळेनंतर पंधरा मिनिटं थांबेन. मग सामना त्यांचा."

"साहेब, आमचे निळे, त्यांचे हिरवे, पंचबाई काळ्या. एवढे तीन सोडून काहीही चालेल ना?"

"चालेल. पाठीवर नंबर हवा."

मामी धावल्या त्या थेट बसपाशी. ड्रायव्हरच्या अंगात लाल शर्ट होता.

"काढा."

"अहो मामी, इथं? लोक बघताहेत!"

"पोरींना बघायला आलेत लोक. तुमच्याकडं कोण बघतंय?"

शर्ट मिळाला. पाठीवर चिकटपट्टीनं एक नंबर काढला. शिडीच्या अंगात तो पोटाशी पोतं आणि मनगटाशी झबलं असा बसला. निरीक्षकांनी तिला एक गिरकी घ्यायला लावली. "खिसा आहे. बटणं आहेत. डाइव्ह मारताना टोचतील."

"मी टोचून घेते ना!" शिडी म्हणाली.

"पुस्तकात नाही."

मग रुग्णवाहिकेतल्या नर्सबाईंनी आपला टी-शर्ट देऊ केला. गोल गळा, खिसा नाही, अगदी मापाचा, पण काळा. मामी पंचबाईंच्या खोलीत शिरल्या. "बाई, तुम्ही रंग बदलता का? मुलीसारख्या आहात मला."

पंचबाई चांगल्या होत्या. "माझ्याकडे पिवळा आहे, मामी."

पण यजमानांची गोलकीपर पिवळ्यात होती. मग तिला बदलायला सांगायला हवं. वेळ तर उलटून गेली होती, वरची नऊ मिनिटंही सरली होती. मामी दम लागलेल्या तशाच यजमानांच्या दारात उभ्या राहिल्या, मागून निरीक्षक, त्यांच्या मागून शिडी.

"पोरी, तुझ्याकडे दुसरी जर्सी आहे का गं?"

शिडीइतकीच उंच, शिडीसारखीच लांब वेणी. मुलगी म्हणाली, "आहे की. पण तीही पिवळीच."

मामी मटकन बाकावर बसल्या. एवढ्यात निरीक्षकांनी पान उलटलं, चष्मा सारखा केला आणि घसा खाकरला. "दोन्ही गोलकीपरांचा रंग एकच असला, आणि दुसरा उपलब्ध नसला, तर... चालतं."

"काय?"

"पुढच्या पानावर होतं."

मामींनी त्यांच्याकडे असं बघितलं, की त्यांनी पुस्तक पाठीमागे लपवलं.

"मग माझी दुसरी घ्या ना," मुलगी बॅग उघडत म्हणाली. "मघापासून नुसती धावपळ बघतेय तुमची. मला कुणी विचारलंच नाही!"

छातीवरच्या यजमानांच्या चिन्हावर चिकटपट्टी लावून चौदाव्या मिनिटाला शिडी मैदानात उतरली.

सामना असा रंगला की मामींनी एका हातानं कोचचं मनगट आणि दुसऱ्या हातानं निरीक्षकांचं धरून ठेवलं होतं. आदल्या दिवशीच्या पावसानं गोलपुढे चिखल झाला होता. यजमानांनी गोल केला. उत्तरार्धात कॅप्टन भिंगरीनं तो फेडला. एक-एक. घड्याळ सरकेना.

शेवटच्या मिनिटाला यजमानांना कॉर्नर मिळाला. बरोबरी त्यांच्या काय कामाची? त्यांची गोलकीपर आपला गोल उघडा टाकून या टोकाला धावत आली. चेंडू आला. चिखलानं माखलेल्या दोन पिवळ्या जर्सी एकदम हवेत उडाल्या. एक पिवळा हात चेंडूला लागला, आणि चेंडू जाळ्यात!

"गोल!" यजमान ओरडले.

"हात लागला!" भिंगरी किंचाळली.

हात लागला होताच. पण कुणाचा? शिडीचा असेल तर गोल. त्यांच्या मुलीचा असेल तर गोल रद्द, कारण आपला गोल सोडून आलेल्या गोलकीपरला हात लावायची मुभा नसते. पंचबाईंना दिसली होती फक्त एक पिवळी बाही. त्यांनी दोघींना जवळ बोलावलं. "खरं सांगा."

मामींनी डोळे मिटले. तिचा म्हण, पोरी, एकदाच, असं त्यांच्या मनात येऊन गेलं, आणि त्याची लाजही वाटली.

"माझा लागला, मॅडम," शिडी म्हणाली. आवाज रडका होता.

"शिडे!" भिंगरी डोकं धरून खाली बसली.

"नाही मॅडम, तिनं माझ्या हातावर बुक्की मारली," दुसरी म्हणाली. "चेंडूला माझाच हात होता."

"अगं, गप्प बस की!" तिचा कोच बाहेरून ओरडला.

"गप्प कशी बसू? चेंडू लागून बोटं झणझणताहेत माझी!"

"माझीपण झणझणताहेत!" शिडी म्हणाली.

पंचबाईंनी दोघींची बोटं बघितली. मग हात वर केला. गोल रद्द. पाठोपाठ लांब शिट्टी वाजली.

मामी उठल्या की उडाल्या, ते त्यांनाही कळलं नाही. पोरी चिखलातून घसरत गोलकडे धावल्या. भिंगरीनं मागून पिवळी जर्सी धरली, दोघींनी पाय उचलले, आणि गोलकीपरला खांद्यावर घेऊन वरात मैदानभर निघाली.

"अगं, मी तुमची नाही!" वरून आवाज येत होता. "सोडा मला! आमचे कोच ओरडतील!"

मामींनी हाक मारायला तोंड उघडलं, आणि मिटलं. वरातीच्या मागून शिडी स्वतःच टाळ्या पिटत धावत होती.

"अगं, खरंच मी तुमची नाही!"

"गप गं," खालून भिंगरी ओरडली, "आज तू आमचीच!"

दुसऱ्या फेरीलाही कुणी मान वर करून बघितलं नाही.