सही माझी, डोकंही माझं

खंडेनवमीच्या सकाळी साडेदहा वाजता नूतनचं बासष्ट हजार वस्तीचं गाव नाहीसं झालं. पूर आला नाही, वादळ आलं नाही. लॉजच्या काउंटरवरच्या कॉम्प्युटरवर तिने गेम उघडला, तर जुना खेळ पुढे चालू करायचं बटणच नव्हतं. नुसतं 'नवीन गाव वसवा' एवढंच. तिने गेम बंद करून उघडला. कॉम्प्युटर बंद करून उघडला. मग माउस टेबलावर असा आपटला की दोन नंबरच्या खोलीतलं पुण्याचं जोडपं दारातून डोकावलं आणि मुकाट्याने परत आत गेलं.

"अहो," तिने आत हाक मारली. या घरात 'अहो' तीन प्रकारचं होतं, आणि तिसऱ्या प्रकारचं ऐकू आलं की तिचा नवरा विनेश मागच्या वाडीत नारळ बघायला निघून जायचा. आज पाहुण्यांच्या चहाचा ट्रे त्याच्याच हातात होता, त्यामुळे पळता आलं नाही.

गाव वसवायचा हा गेम त्यांच्या मुलाने, शुभमने, लॉकडाउनमध्ये घालून दिला होता, आईचा वेळ जावा म्हणून. आईने तो त्यासाठी वापरला नाही. पंचायतीच्या निवडणुकीत ती नऊ मतांनी पडली होती आणि ते तिच्या जिव्हारी लागलं होतं. निवडून आलेली बाई घरी भाकऱ्या थापत होती, आणि तिचा नवरा पंचायतीत तिच्या खुर्चीवर बसून कारभार हाकत होता. उघडी गटारं तशीच, नाक्यावरचा उकिरडा तसाच. तेव्हा गाव कसं असावं हे दाखवायला नूतनने स्वतःचं गाव उभं केलं. वाड्यांना वळसा घालून गेलेले रुंद रस्ते, चोवीस तास पाणी, जेटी, दवाखाना, मुलींची शाळा. आणि कचरा नाही. इतक्या वर्षांत तिच्या गावात कागदाचा कपटा दिसला नव्हता. "लोकांना शिस्त लावली की कचरा होतच नाही," असं तिने भर ग्रामसभेत उभं राहून सुनावलं होतं.

आता पुन्हा निवडणूक लागली होती. वॉर्ड महिलांसाठी राखीव होता. आज चार वाजता बचत गटाच्या बायका लॉजवर यायच्या होत्या, आणि नूतन त्यांना हॉलमधल्या टीव्हीवर आपलं गाव फिरवून दाखवणार होती. घोषणाही तिने स्वतःच तयार केली होती: सही माझी, डोकंही माझं. नवऱ्याला खुर्चीत बसवणाऱ्या बाईचा तिला इतका संताप होता की त्या विषयावर ती भांडी घासतानाही बोलायची.

"माझं गाव कुठाय?" तिने विचारलं.

"असेल तिथंच," विनेश ट्रेकडे बघत म्हणाला.

"काल नदीमला कुणी बोलावलं होतं?"

"मी. नवमीच्या आधी यंत्रं साफ करतात. पंप पुसला, गाडी धुतली, मग कॉम्प्युटरनं काय पाप केलंय? किती रडत चालायचा तो."

नूतनने नदीमला फोन लावला. मुरुडच्या नाक्यावर त्याचं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान होतं. ती फोनवर जे बोलली ते ऐकून तो हातातलं काम टाकून वीस मिनिटांत बाइकवरून हजर झाला.

"वहिनी, जुनी डिस्क मरायला टेकली होती, म्हणून नवीन घातली," तो खुर्ची ओढत म्हणाला. "तुमचे फोटो घेतले, बुकिंगची फाइल घेतली, डी ड्राइव्ह तर आख्खा उचलला. गेम डीमध्येच होती ना?"

"गेम आहे. गाव नाही."

नदीमने कपाळाला हात लावला. "चूक झाली माझी. आमच्या अब्बांचं कसं होतं, घर इथं आणि कमाई कुवेतला. गेमचं तसंच असतं. ती राहते डीमध्ये, पण तिनं जे काही कमावलं ते सीमध्ये, ते पण लपवलेल्या फोल्डरात. मी घर आणलं, कमाई तिकडंच राहिली."

"मग जा आणि घेऊन ये."

"जुन्या डिस्कवर असणार. ती मी काल विनेशदादांकडे दिली."

दोघांनी विनेशकडे बघितलं. विनेशने देवघराकडे बघितलं. तिथे पाटावर कोयता, पहार, पंपाचे पाने आणि विळी ओळीने मांडली होती, आणि त्यांच्या शेजारी, हळदकुंकू वाहिलेली, झेंडूचं फूल डोक्यावर घेतलेली जुनी हार्ड डिस्क बसली होती. नवमीला पूजेतलं हत्यार वापरायचं नसतं. पण सुट्टीच्या दिवसांत लॉजचा कॉम्प्युटर बंद ठेवून कसं चालेल, म्हणून विनेशने त्याच्या वतीने ती डिस्क पाटावर बसवली होती.

"द्या इकडे," नूतन म्हणाली.

"आता कसं उचलणार? उद्या उत्तरपूजा झाली की घे."

नूतन त्याच्याकडे बघतच राहिली. हा माणूस संकष्टीच्या दिवशी बोंबलाचं कालवण मागायचा. पंचवीस वर्षांच्या संसारात त्याने एकदाही आरती पूर्ण म्हटली नव्हती. "चार वाजता बायका येणार आहेत. त्यांना काय उत्तरपूजा दाखवू?"

"शास्त्र ते शास्त्र," विनेश म्हणाला.

"नदीम, तू उचल."

"मी हात लावणार नाही वहिनी," नदीम दोन पावलं मागे सरकला. "तुमची पूजा आहे. उद्या कुणाच्या नारळाला कीड लागली तरी माझं नाव घ्याल."

ओटीवर झेंडूचे हार ओवत बसलेल्या सासूबाईंनी, बायजाबाईंनी, एवढा वेळ सगळं ऐकून घेतलं होतं. आता त्या म्हणतील तो कायदा. नूतन पदर खोचून भांडायच्या तयारीने वळली.

"उचल गो," बायजाबाई म्हणाल्या. "सकाळी भोपला चिराया मी विली न्हाय का उचलली? परत पुसून ठेवली. देव काय खातं लिवतोय? आनि तू रं विन्या, तुला कवापासून देव आठवाया लागला?"

"निदान अंघोळ करून हात लाव," विनेशने शेवटचा प्रयत्न केला.

"झालीये माझी."

"मग मी करून येतो," असं म्हणून तो न्हाणीघरात शिरला आणि आतून कडी लावली. चोराच्या मनात चांदणं असतं म्हणतात, पण रागाच्या भरात नूतनला ते दिसलं नाही.

नदीमने डिस्कवरचं कुंकू कापडाने पुसलं, खाचेत अडकलेल्या अक्षता ब्रशने झाडल्या आणि वायर जोडली. डिस्क दोनदा कण्हली आणि चालू झाली. लपवलेले फोल्डर दाखवायला सांगितल्यावर एकात दुसरं, दुसऱ्यात तिसरं असं करत तो आत आत गेला आणि थांबला. "मिळालं. सगळं आहे."

नूतनने श्वास सोडला. सकाळपासून पहिल्यांदा तिचे खांदे खाली आले. तिला एकदम रडूच आलं, आणि ते दिसू नये म्हणून ती खेकसली, "मग बघत काय बसलास, आण ना."

"कुठलं आणू? ढीगभर आहेत. शेवटचं परवाचं, दुपारी तीन-दहाचं."

"तीन-दहा कसं असेल? मी संध्याकाळी खेळते, पाहुणे समुद्रावर गेले की. दुपारी अडीच ते चार मी झोपते."

"संध्याकाळची पण आहेत," नदीम पडद्यावर बोट फिरवत म्हणाला. "पण ही बघा, तीन-पाच. तीन-वीस. त्याच्या आदल्या दिवशी तीन-पंधरा. मागच्या वर्षी पण..." इथे त्याच्या लक्षात आलं असावं की आपण एका नवराबायकोच्या मधोमध उभे आहोत. त्याने सगळ्या फाइली भराभर नव्या डिस्कवर टाकल्या, दुकान उघडं राहिलंय असं सांगितलं आणि चहा न घेता गेला. न्हाणीघरातलं पाणी अजून वाहतच होतं.

विनेश अर्ध्या तासाने बाहेर आला तेव्हा नूतन दारातच उभी होती.

"दुपारी तीन वाजता माझ्या गावात कोण येतं?"

"कचरा साचला होता," विनेश टॉवेलशी चाळा करत म्हणाला.

"माझ्या गावात कचरा होत नाही."

"बासष्ट हजार माणसं आहेत, होत नाही कसा? पहिल्या वर्षीच साचला. घराघरावर कचऱ्याच्या पिवळ्या खुणा यायला लागल्या, लोक गाव सोडून चालले. तू झोपली होतीस."

"कुठे टाकता?"

"डोंगरामागे."

त्या डोंगरावरचं एक झाडही तोडायचं नाही, असा नूतनचा नियम होता, आणि पलीकडे तिने कधी वाकून बघितलं नव्हतं. आता काउंटरवर जाऊन बघितलं. पाच मोठे खड्डे, चाळीसेक गाड्या, स्वतंत्र रस्ता. "आणि हे काय?"

"सांडपाणी."

"हे?"

"स्मशान. माणसं मरतात, नूतन."

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "त्या बाईला मी गावभर नावं ठेवली. नवऱ्याला खुर्चीत बसवते म्हणून. आणि इथं माझ्याच खुर्चीत तुम्ही?"

"खुर्चीत नाही बसलो. स्टूल घेतलं होतं."

"सांगायचं तरी होतंत."

विनेशने टॉवेल खांद्यावर टाकला. "निवडणूक हरलीस तेव्हा आठ दिवस धड जेवली नव्हतीस. म्हटलं, निदान हे गाव तरी टिकू दे."

यावर नूतनचा राग दुप्पट झाला. तो काही वाईट वागला असता तर भांडणं सोपं गेलं असतं. ती खुर्चीत बसली आणि दुपारपर्यंत डोंगरामागचं सगळं एकेक करून पाडून टाकलं. खड्डे, गाड्या, रस्ता, सांडपाण्याचा कारखाना. स्मशान तेवढं ठेवलं, कारण तिथे हात धजेना. "माझं गाव माझ्याच डोक्याने चालेल," ती म्हणाली. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच, पण सांगणार कोण? बायजाबाई झोपल्या होत्या आणि विनेश चहाचं आधण ठेवायला आत गेला होता.

चार वाजता अकरा बायका आल्या. सगळ्यात पुढे कल्पिता, बचत गटाची अध्यक्ष, जिच्या एका शब्दावर तीस-चाळीस मतं इकडची तिकडे व्हायची. शेजारी मोहल्ल्यातली फरिदा. नूतनने टीव्हीवर जेटी दाखवली, शाळा दाखवली, वाडीला वळसा घालणारा रस्ता दाखवला. बायका माना डोलवत होत्या. मग एका घरावर पिवळी खूण आली. मग दहा घरांवर. बघता बघता चौकात काळे ढीग दिसायला लागले, आणि कोपऱ्यातला वस्तीचा आकडा उतरायला लागला. पन्नास हजार. चाळीस हजार.

"हे आपलंच गाव हाय की," कल्पिता म्हणाली.

"हुबेहूब," फरिदा पुढे वाकली. "तो आपला नाका बघ."

नूतनने रस्ते रुंद केले. बाग वाढवली. शाळेला मजला चढवला. लोक चाललेच होते. पंचवीस हजारांवर तिने ओठ चावला आणि आतल्या दिशेने हाक मारली, "अहो."

विनेश चहाचा ट्रे घेऊन आला. तिने खुर्ची सोडली नाही. "काय काय लागतं आणि कुठे लागतं, ते नुसतं सांगा."

"म्हणजे कचऱ्याचं विनेशदादा बघायचे?" कल्पिताने विचारलं. नाही म्हटलं असतं तर झाकली मूठ राहिली असती.

"हो," नूतन दात आवळून म्हणाली. "माझ्या पाठीमागे. रोज दुपारी, मी झोपले की. मला आज सकाळी कळलं."

"आनि कुनाला सांगितलं पन न्हाय?" कल्पिता विनेशकडे निरखून बघत राहिली. "आमचा मानूस आपलं ताट उचलतो तर आलीभर सांगत फिरतो."

बायका हसल्या. नूतन हसली नाही. "डोंगरामागे टाकायचा," विनेश हळूच म्हणाला. "लपवायचा नाही आता," ती म्हणाली आणि तिने गावाच्या मधोमध मोकळ्या जागेवर बोट ठेवलं.

"तिथं नको, तिथं आमची घरं आली," कल्पिता म्हणाली.

"हा गेम आहे कल्पिताताई."

"आसू दे. तलावाच्या बाजूला टाक."

"तळ्याच्या बाजूला मोहल्ला आहे," फरिदा उठून उभी राहिली. "आमच्या दारात काय म्हणून?"

मग कोळीवाड्याच्या दोघी उठल्या. वरच्या आळीच्या तिघी उठल्या. कुणाच्या दारात किती वर्षं कुणाची घाण पडते याचे सगळे जुने हिशेब निघाले. चहावर साय धरली. दिवेलागणीला बायका उठल्या तेव्हा गावात नऊ हजार माणसं उरली होती आणि खड्ड्याची जागा ठरलेली नव्हती. "मत तुलाच गं," कल्पिता चपला घालताना म्हणाली, "पन उकिरडा आमच्या आलीत न्हाय."

दुसऱ्या दिवशी दसरा. उत्तरपूजा झाली, श्रीखंड-पुरी झाली, नवराबायकोत एक शब्द झाला नाही. नूतनने सकाळभर एकटीने खटपट केली. तिने सरळ समुद्राकाठी खड्डा खणला, पण त्याला रस्ता जोडायचा राहिला, म्हणून गाड्या हलेनात. रस्ता जोडला तर वीज नव्हती. जेवणाच्या वेळेपर्यंत गाव सहा हजारांवर आलं होतं. विनेश ओटीवर तोंडापुढे पेपर धरून बसला होता आणि पान उलटत नव्हता.

पावणेतीनला नूतनने काउंटरशेजारीच चटई टाकली, कॉम्प्युटर चालूच ठेवला आणि भिंतीकडे तोंड करून आडवी झाली.

"मी झोपते," ती मोठ्याने म्हणाली.

पेपर हलला नाही. भिंतीवरचं घड्याळ पाच मिनिटं पुढे गेलं. नूतन तशीच, डोळे उघडे ठेवून, कपाळाला आठ्या घालून पडली होती.

"झोपले म्हटलं ना मी," ती भिंतीकडे बघतच ओरडली. "ऐकू येत नाही का?"