गिरणीच्या फाटकातला आवाज

"अहो, हा तर तुमचाच आवाज!" घरी आणलेली माहितीपटाची प्रत बघता बघता बायको म्हणाली आणि कानसेनच्या कपातला चहा बशीत सांडला.

कानसेन हे त्याचं स्टुडिओतलं नाव. जुन्या फितींना आवाज लावणं हे त्याचं काम. साहेबांच्या नव्या माहितीपटात साठ वर्षांपूर्वीची एक फीत होती: गिरणी सुटते आणि फाटकातून कामगारांचा लोंढा बाहेर पडतो. पण फीत मुकी. म्हणून कानसेननं मेहुण्याच्या लग्नात रेकॉर्ड केलेला गलका तिच्याखाली घातला वर जुनेपणाची खरखर पेरली आणि हा आवाज जुन्या संग्रहात सापडला असं साहेबांना सांगून टाकलं. त्या गलक्यात तो स्वतः साडूला सांगत होता, "आमचा साहेब म्हणजे निव्वळ बैल! राबायचं आपण आणि शाबासकी खायची त्यानं!" जगाची कुसळं टिपणाऱ्या त्या कानांना स्वतःचं मुसळ काही सापडलं नव्हतं.

आणि आज संध्याकाळी पहिला खेळ! नोकरी जाणार या धास्तीनं तो तडक स्टुडिओत पोचला.

"साहेब, फाटकापाशी गलका जरा जास्त झालाय. कमी करू?"

"जास्त? मला तर धड ऐकूच येत नाही. वाढव!"

"मग वरून भोंगा घालू? चांगला लांबलचक?"

"अरे, भोंगा झाल्यावरच माणसं बाहेर येतात ना? डोकं ठिकाणावर आहे का तुझं? सरक, मीच बघतो."

साहेबांनी स्वतःच्या हातानं आवाज चढवला. नेमकं ते वाक्य आलं तसा कानसेनला खोकल्याची जोरदार उबळ आली.

"सर्दी झालीय तुला. घरी जा," साहेब मायेनं म्हणाले आणि त्यांनी प्रत रवाना केली.

संध्याकाळी कानसेन बायकोचा हात घट्ट धरून शेवटच्या रांगेत बसला. फाटक उघडलं, लोंढा आला, आणि "आमचा साहेब म्हणजे निव्वळ बैल!" असं सभागृहभर घुमलं. मग असा काही हशा पिकला की पुढचं काही कुणाला ऐकूच गेलं नाही.

खेळ संपल्यावर लोकांनी साहेबांना गराडा घातला. "काय आवाज मिळवलात हो! जिवंत माणसं उभी केलीत!" साहेब पोटभर शाबासकी खात होते. एरवी कानसेनचा जळफळाट झाला असता. आज मात्र त्याचा जीव भांड्यात पडला होता. खाऊ दे बाबा, सगळी खाऊ दे, असं म्हणत तो हात दुखेपर्यंत टाळ्या पिटत राहिला.

एवढ्यात साहेब त्याच्याकडे वळले. "कानसेन, तेव्हाचे साहेबही असलेच असणार बघ, लोकांच्या जिवावर मिरवणारे! तो कामगार शोधून काढ. हयात असेल तर सत्कार करू त्याचा."

"इतक्या वर्षांनी कुठला हयात असायला, साहेब!"

"आहे की," बायको पुटपुटली, पण फक्त त्यालाच ऐकू जाईल अशी. "आत्ताच मरता मरता वाचलाय."