उन्हातला हेर

गुप्त पोलिसाला भर रस्त्यात "जरा उन्हात या" असं सांगणारा माणूस रत्नागिरीत एकच होता. आमचे शेजारी दिगूभाऊ.

सरकार राजकीय माणसांवर पाळत कशी ठेवतं, याचं चलच्चित्र काढायचं त्यांनी मनावर घेतलं होतं. मुंबईहून आगबोटीने फिल्म मागवायची आणि कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवत ती संपवायची. त्यांच्या चित्रातला हेर म्हणजे खरोखरच पाळतीवर असलेले, साध्या वेशातले हवालदार सुर्वे. डोक्याला व्यापाऱ्याची पगडी, पायांत सरकारी बूट.

"सुर्वे, सावलीत काही उमटत नाही."

"भाऊ, मी गुप्त हाय वो!"

"गुप्तच राहा. पण उन्हात राहा."

सुर्वे कुरकुरत वाण्याच्या दुकानापासून पुन्हा चालत येत. पुढे कॅमेऱ्यामुळे भाऊंवरही पाळत ठेवण्याचा हुकूम आला, तोही सुर्व्यांनाच. दोघांची सोय झाली. दुपारचा चहा सुर्वे भाऊंच्या ओटीवर घेऊ लागले. एकट्या भाऊंच्या घरात दुसरी कपबशी तेव्हापासून लागली.

ऊन हा भाऊंचा एकच विषय. माझ्या बहिणीच्या लग्नात ऐन मंगलाष्टकांत ते ओरडले, "गुरुजी, डावीकडे! तोंडावर ऊन येऊ दे." कॅमेरा घरी होता.

मिठाच्या सत्याग्रहाच्या साली एका सकाळी मांडवीच्या वाळूत मिरवणूक पांगवताना पळापळ झाली. झेंडा घेतलेली एक म्हातारी पडली. सुर्व्यांनी तिला उठवलं, झेंडा तिच्या हातात परत दिला आणि मग इकडेतिकडे पाहिलं. भाऊ दांडा फिरवत होते. ऊन स्वच्छ होतं. "माझं चित्र झालं," असं ते मला संध्याकाळपर्यंत सांगत होते.

दोन दिवसांनी साहेबाचा हुकूम सुटला. फिल्म जप्त करायची, मुंबईला धुवायची आणि तोंडं ओळखायची. न्यायला सुर्वेच आले. ओटीवर मीही होतो.

"भाऊ, त्यात मी हाय काय? नोकरी जाईल वो. पोरं लहान हायत."

"तुम्ही कुठले? तुम्ही सावलीत होतात."

भाऊ डबा घेऊन अंगणात उतरले. झाकण काढलं आणि सगळी फिल्म भर उन्हात ओढून काढली. न धुतलेल्या फिल्मला ऊन लागलं की उमटलेलं सारं जातं, हे त्यांनीच मला शिकवलं होतं.

"हात घसरला, असं साहेबाला सांगा."

साहेबाने त्यांना गाढव म्हटलं. गावही हसलं. चित्र पुढे कधी झालं नाही. मांडवीच्या त्या सकाळचं दुसऱ्या कोणी काढलेलंही नाही.

सुर्वे चहाला येत राहिले. एकदा पगडी सारखी करत ते आपणहून म्हणाले, "भाऊ, येऊ काय उन्हात?"

"नको," भाऊ म्हणाले. "तिथंच बरे आहात."