शिंकांची वही

आमचे सिद्रामाप्पा स्वतःहून खड्ड्यात पडले, हे मी माझ्या डोळ्यांनी पाहिलंय. बोरगावच्या रस्त्यावर, दिवसाढवळ्या. आधी सायकल नीट उभी केली, चष्मा काढून खिशात ठेवला, आणि मग पडले. त्याच खड्ड्याचा त्यांचा दावा "अर्जदाराला काय इजा झाली?" म्हणून आठवड्यापूर्वी फेटाळला गेला होता. लंगडत थेट माझ्या टेबलाशी. "झाली का न्हाय इजा? कर टाइप!"

ऐंशी-ब्याऐंशी सालची गोष्ट. निपाणीच्या कोर्टाबाहेर माझा टाइपरायटर असायचा. पेपरात आलं की लोकांच्या भल्यासाठी कुणीही, नुसत्या पोस्टकार्डावरसुद्धा, मोठ्या कोर्टात दाद मागू शकतो. झालं! आधीच मर्कट, त्यात मद्य प्यालं. बेंगळूरच्या हायकोर्टावर आप्पांच्या कार्डांचा पाऊस. उत्तर एकाचंही नाही. इथले जज्जसाहेब दर वेळी कानडीत विचारायचे, "निमगेनु संबंध?" तुमचा काय संबंध? आप्पांचं उत्तर ठरलेलं. "संबंध नसला की माणूस खरं बोलतोय, सायेब."

बरं, अर्ज टाइप झाला की तीनदा वाचणार आणि माझी एकेक चूक नखानं दाखवणार. फार राग यायचा मला.

मग वखारीचं प्रकरण निघालं. तंबाखूच्या वखारीची एक खिडकी मागच्या बोळात उघडायची आणि तंबाखूच्या भुकटीचा सगळा खकाणा तिथल्या घरांत. शेवंताक्का तिथंच राहायची, वखारीतच तंबाखूला चाळण मारायची आणि रात्रंदिवस खोकायची. "अर्ज कर आक्का," आप्पा म्हणाले. "आणि कामावरनं काढलं म्हंजे? तू घालणार हाईस व्हय जेवायला? गप जा की रं बाबा!"

आप्पा गप जातायत होय! आक्काच्या भिंतीला लागून खोली भाड्यानं घेतली. म्हणजे आता संबंध आला. स्वतःच्या रोजच्या शिंका वहीत मांडल्या : सकाळी अकरा, दुपारी सात. ती वही घेऊन दावा लावला.

वखारीच्या वकिलानं दोन मिनिटांत निकाल लावला. खकाणा आधीचा, हे नंतर आले. आपल्या पायानं आले. वर साक्षीला आक्कालाच उभं केलं. "काय तरास न्हाय," ती म्हणाली आणि पदर तोंडाला लावून अशी खोकली, की जज्जसाहेबांनीच पाणी मागवलं. पण कागदावर आलं ते "त्रास नाही." दावा फेटाळला.

पायरीवर मी भडकलोच. "कशाला नसती उठाठेव, आप्पा? कोण लागते ती तुमची?"

आप्पांनी शिंकांची वही मिटली. "माझी आई ह्याच वखारीत चाळण मारायची. खोकून खोकून गेली. मी तिथंच कारकून हुतो. तवा माझा संबंध हुता रं. तवा गप बसलो, नोकरी जाईल म्हणून."

मला माझीच लाज वाटली. मागं वळून बघतो तर शेवंताक्का उभी. तिनं ऐकलं होतं. तशीच वळून ती निघून गेली.

दुसऱ्या दिवशी मी टाइपरायटरचं झाकण काढतोय, तर आक्का हजर. मागं आप्पा, चेहरा पडलेला. "नको म्हणतोय तर ऐकंना," ते म्हणाले. "काम जाईल तिचं."

"जाऊ दे. माझ्या नावानं लिव, दादा. काल घाबरून खोटं बोलले म्हणूनबी लिव. अंगठा कुठं करायचा सांग." मग आप्पांकडं बोट करून म्हणाली, "साक्षीला ह्याचं नाव घाल."

"नातं काय लिहू?"

"शेजारी. भिंतीला भिंत हाय आमची. रातच्याला मी खोकले की हा पलीकडनं इचारतोय, 'आक्का, पानी हाय न्हवं?' "

मी टाइप केलं आणि कागद रिवाजाप्रमाणे आप्पांच्या हातात दिला. त्यांनी चष्मा पुसला, पुन्हा पुसला, कागद नुसताच धरून बसले. घाईत माझ्या तीन ढळढळीत चुका झाल्या होत्या. आप्पांनी एकही काढली नाही.